५० लाखांचं गृहकर्ज शेवटी कितीला पडतं?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: रावेतला ६५ लाखांचा फ्लॅट, बांधकाम अजून चालू, कर्ज ५० लाख, व्याज साडेआठ टक्के. बँक २० वर्षांची मुदत देतेय. कर्जाचं काम बघणारा एजंट म्हणतो ३० वर्षं घ्या, हप्ता पाच हजारांनी उतरेल. शनिवारी सही आहे आणि तुम्हाला जाणून घ्यायचंय की हे घर शेवटी नक्की कितीला पडेल.

आधी आकडे सांगतो. २० वर्षांसाठी हप्ता ४३,३९१ रुपये. असे २४० हप्ते, म्हणजे १ कोटी ४ लाखांच्या वर. ५० लाख मुद्दल, ५४ लाख व्याज. आता एजंटची ३० वर्षं घ्या. हप्ता ३८,४४६, म्हणजे दरमहा ४,९४५ कमी, हे त्याचं खरं आहे. पण हप्ते ३६०, आणि एकूण भरणा १ कोटी ३८ लाख. व्याजच ८८ लाख. दरमहा पाच हजारही न वाचवता तुम्ही ३४ लाख जास्त भरता. आणि उलट बाजूने, १५ वर्षांत फेडलं तर हप्ता ४९,२३७ होतो आणि व्याज साडेअडतीस लाखांच्या आसपास थांबतं. व्याजाचा दर तिन्हीकडे तोच, साडेआठ. म्हणून पाव टक्क्यासाठी बँकांचे उंबरे झिजवणारे लोक मुदतीच्या रकान्याकडे बघतसुद्धा नाहीत, तेव्हा मला खरंच वाईट वाटतं.

कर्जाचं मूळ गणित एवढंच आहे की शिल्लक मुद्दलावर दर महिन्याला व्याज लागतं, ते हप्त्यातून आधी वजा होतं, आणि उरेल ते मुद्दलात जातं. तुमच्या पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजाचे आणि ७,९७४ मुद्दलाचे. पाच वर्षांत तुम्ही २६ लाख भरलेले असाल आणि कर्ज उतरलेलं असेल जेमतेम सहा लाखांनी. दहा वर्षांनी, अर्धी मुदत संपल्यावर, डोक्यावर अजून ३५ लाख असतील. मुद्दल निम्म्यावर यायलाच जवळजवळ चौदा वर्षं लागतात. यात बँकेने काही लबाडी केलेली नसते. पण हा तक्ता सहीच्या आधी फार कमी लोकांनी पाहिलेला असतो. मीही पाहिला नव्हता.

माझं सांगतो, कारण त्यातूनच मी हे शिकलो. २०२१ च्या ऑगस्टमध्ये मी ३५ लाख घेतले, २० वर्षांसाठी, ६.७५ टक्क्यांनी, फ्लोटिंग, म्हणजे मधे बदलत राहणारा दर. तेव्हा रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने उसने पैसे देते तो, ४ टक्के होता आणि गृहकर्ज इतकं स्वस्त कधी नव्हतं असं सगळेच म्हणत होते. हप्ता २६,६१३. मे २०२२ पासून रेपो चढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहावर गेला. माझं कर्ज रेपोला जोडलेलं, त्यामुळे माझा दर सव्वानऊ झाला. हप्ता मात्र तोच राहिला, २६,६१३. मोबाईलवर बँकेचे मेसेज आले होते, व्याजदर बदलला, मुदत बदलली, असे. मी ते वाचून पुढे सरकलो. खात्यातून जाणारी रक्कम बदलत नव्हती, मग काळजी कसली, असं वाटलं.

एप्रिलमध्ये आयकराच्या कागदांसाठी कर्जाचा उतारा काढला. रात्री जेवणं झाल्यावर ओट्याशेजारच्या टेबलावर मी आणि बायको बसलो होतो. तिने शेवटच्या ओळीवर बोट ठेवलं. "अरे, हे ३६३ कशाचे?" ओळ अशी होती: हप्ता २६,६१३, व्याज २६,२५०, मुद्दल ३६३. महिनाभर राबून कर्ज तीनशे त्रेसष्ट रुपयांनी उतरलं होतं. मी तिथेच एक्सेल उघडलं, शिल्लक ३४ लाख ५ हजार आणि दर सव्वानऊ टाकला, आणि हाच हप्ता चालू ठेवला तर किती महिने लागतील ते काढलं. ५५९ आले. साडेशेहेचाळीस वर्षं. मी तेव्हा अडतीसचा होतो. साठीला निवृत्त होणार, आणि कर्ज चौऱ्याऐंशीव्या वर्षी फिटणार.

दुसऱ्या दिवशी शाखेत गेलो. साहेब म्हणाले, आम्ही मेसेज पाठवले होते. ते खरंच होतं. एक अर्ज देऊन हप्ता ३२,२०० करून घेतला, तेव्हा मुदत पुन्हा मूळ तारखेवर आली. महिन्याला साडेपाच हजार जास्त जायला लागले आणि दोन वर्षं घरात बराच ओढाताणीचा काळ गेला, मुलाची शाळेची बस बंद करून मी स्वतः सोडायला लागलो. तरी ते केलं याचं आजही समाधान आहे.

त्याच वर्षी, १८ ऑगस्ट २०२३ ला, रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढलं. फ्लोटिंग दर वाढून हप्त्यावर किंवा मुदतीवर परिणाम होणार असेल तर बँकेने ते ग्राहकाला नीट कळवायचं, आणि हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की थोडं थोडं दोन्ही, याची निवड ग्राहकाला द्यायची. हा हक्क आता तुमच्याकडे आहे. पण मेसेज न वाचणाऱ्याला तो काय कामाचा! दर बदलला की त्याच आठवड्यात उरलेले हप्ते किती, हे ॲपवर बघायची सवय लावा. २०२५ मध्ये रेपो साडेसहावरून सव्वापाचवर उतरला, तेव्हा मी हप्ता कमी करून घेतला नाही. तोच चालू ठेवला, म्हणजे दर उतरल्याचा फायदा मुदतीत पडतो.

एक फरक लक्षात ठेवा. बँकांची २०१९ च्या ऑक्टोबरनंतरची फ्लोटिंग गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडावी लागतात. हाउसिंग फायनान्स कंपन्यांवर ते बंधन नाही, त्या स्वतःच्या दराने चालतात. तिथे दर चढताना लगेच चढतो आणि उतरताना नव्या ग्राहकाला आधी मिळतो, असा माझ्या ओळखीतल्या दोघातिघांचा अनुभव आहे. जुन्या ग्राहकाने विचारलं, थोडी फी भरली, तर दर उतरवून देतात. विचारावं मात्र लागतं.

आता व्याजाबाहेरचा खर्च, कारण तुमच्या प्रश्नात तो अजिबात नाही आणि पैसे तर आधी तिथेच लागतात. बँक तुम्हाला घराच्या किमतीवर कर्ज देते, मुद्रांक शुल्क आणि नोंदणी त्या किमतीत धरत नाही. पिंपरी-चिंचवड हद्दीत मुद्रांक ७ टक्के, म्हणजे ६५ लाखांवर ४ लाख ५५ हजार. खरेदी फक्त बाईच्या नावावर असेल तर १ टक्का कमी. नोंदणी ३० हजार. बांधकाम चालू असल्यामुळे ५ टक्के जीएसटी, ३ लाख २५ हजार. भोगवटा प्रमाणपत्र मिळालेल्या तयार घराला हा जीएसटी लागत नाही. म्हणजे तुमचे स्वतःचे १५ लाख तर लागतीलच, त्यावर आणखी आठ लाखांच्या वर रोख हवेत. प्रोसेसिंग फी, वकिलाचा सर्च रिपोर्ट (मालकीच्या कागदांची तपासणी), नोटीस ऑफ इंटिमेशन (घर गहाण ठेवल्याची नोंदणी कार्यालयात द्यायची सूचना) हे वेगळं. हे आठ लाख लोक पर्सनल लोन काढून उभे करतात. कृपा करून ते करू नका. त्यापेक्षा सहा महिने थांबा.

बांधकाम चालू असेपर्यंत बँक टप्प्याटप्प्याने पैसे सोडते आणि सोडलेल्या रकमेवर फक्त व्याज घेते, यालाच प्री-ईएमआय म्हणतात. समजा ३० लाख सुटलेत आणि ताबा दीड वर्ष लांबला. महिन्याला २१,२५० प्रमाणे ३ लाख ८२ हजार जातात आणि मुद्दलातला एक रुपया हलत नाही. शिवाय राहत्या घराचं भाडं चालूच. बँक परवानगी देत असेल तर पहिल्यापासून पूर्ण हप्ता सुरू करा.

विम्याचंही तसंच. सहीच्या टेबलावर एखादा विमा कर्जातच मिळवून पुढे करतात. १ लाख ८० हजारांचा एकरकमी विमा कर्जात धरला की २० वर्षांत तो पावणेचार लाखांना पडतो, कारण त्यावरही साडेआठने व्याज चालू असतं. घरात तुम्ही एकटे कमावते असाल तर विमा हवाच, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. पण तो साधा टर्म विमा, म्हणजे ठरावीक मुदतीत मृत्यू झाला तरच पैसे देणारा, वेगळा घ्या. कर्जासोबत बँकेकडूनच घेतला पाहिजे असा कायदा नाही, आणि बँक बदलली तरी तो तुमच्याजवळ राहतो.

करसवलतीचा हिशेब एजंट फार रंगवून सांगतात. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंतच वजावट आहे, आणि तुमचं पहिल्या वर्षाचं व्याज ४ लाख २१ हजार असेल. नव्या करपद्धतीत राहत्या घराला ही वजावटच नाही. तुम्ही नव्या पद्धतीत असाल तर हा मुद्दा डोक्यातून काढून टाका.

दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. ५४ लाख व्याज म्हणजे ५४ लाखांचं नुकसान, असं नाही. वीस वर्षांनंतरचे ४३ हजार आजच्या ४३ हजारांइतके जड नसतात, पगार वाढतो, आणि भाडं वाचतं. माझे वडील पंधरा वर्षांत चार घरं बदलले, प्रत्येक वेळी घरमालकाच्या मर्जीने, त्यामुळे स्वतःच्या दाराची किंमत मला माहीत आहे. घर घेऊ नका असं मी अजिबात म्हणत नाही.

फेडीबद्दल सांगतो, कारण खरा फरक इथेच पडतो. फ्लोटिंग गृहकर्ज वैयक्तिक नावावर असेल तर मुदतीआधी पैसे भरल्याबद्दल दंड लावता येत नाही. तुमच्या कर्जात पहिल्या वर्षाच्या शेवटी २ लाख जास्तीचे भरलेत, तर शेवटचे २१ हप्ते गळतात, म्हणजे ९ लाखांच्या वर. तेच २ लाख पंधराव्या वर्षी भरलेत तर फक्त ७ हप्ते गळतात. लोक उलट करतात. सुरुवातीला फर्निचर, मॉड्युलर किचन, गाडी, आणि पन्नाशीला आल्यावर कर्ज फेडायची घाई. दरवर्षी एक जास्तीचा हप्ता भरलात, दिवाळीचा बोनस धरा, तर कर्ज तीन वर्षं चार महिने आधी संपतं आणि साडेदहा लाख व्याज वाचतं. जास्तीचे पैसे भरताना अर्जात स्पष्ट लिहा की मुदत कमी करा, हप्ता तोच ठेवा. काही ठिकाणी न सांगता हप्ता कमी करतात आणि मग फायदा बराच पातळ होतो. फक्त सहा महिन्यांच्या घरखर्चाइतके पैसे बाजूला असल्याशिवाय एक रुपयाही जास्तीचा भरू नका. कर्जात गेलेला पैसा आजारपणात परत मागता येत नाही.

मग २० की ३०? तुमच्या दोघांच्या हातात येणाऱ्या पगाराच्या चाळीस टक्क्यांत ४३ हजार बसत असतील तर २०. एकाचं उत्पन्न बेभरवशाचं असेल तर २५ घ्या आणि दरवर्षी जास्तीचं भरा, तेवढी मोकळीक मला योग्य वाटते. ३० वर्षं घेतल्याशिवाय हप्ता झेपतच नसेल, तर घर दहा लाखांनी लहान बघा. रावेतच्या पुढे पुनावळ्याकडे किंवा जुन्या इमारतीत बघा. ते सांगताना मला बरं वाटत नाही, कारण मनात भरलेलं घर सोडणं काय असतं ते मी जाणतो. पण दर दोन टक्क्यांनी चढला तर ३८ हजारांच्या हप्त्यात तुमचं व्याजसुद्धा भागणार नाही, आणि तो दर एका वर्षात चढलेला मी बघितलाय.

शनिवारी सहीच्या आधी 'की फॅक्ट स्टेटमेंट' मागा. ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या प्रत्येक गृहकर्जाला ते द्यावंच लागतं. त्यात फी वगैरे सगळं धरून वर्षाचा खरा दर किती पडतो तो लिहिलेला असतो, आणि हप्त्यांचा पूर्ण तक्ताही मिळतो. तक्त्याची पहिली आणि साठावी ओळ घरच्यांना वाचून दाखवा. रेपोवर बँकेने किती टक्के चढवलेत, तेही सँक्शन लेटरवर, म्हणजे कर्जमंजुरीच्या पत्रावर, लिहून घ्या. आणि कर्ज फिटेल तेव्हा बँकेने ३० दिवसांत मूळ कागद परत द्यायचे असतात, उशिराला दिवसाला ५ हजार रुपये भरपाई आहे. तेव्हा आज कोणकोणते मूळ कागद जमा केले, त्याची सही-शिक्क्याची यादी त्याच दिवशी हातात घेऊनच शाखेतून निघा.