वाचकांचे प्रश्न : खासदारांना नको, मेंबरांना हवा

गेल्या अंकात ब्रिटनच्या लेबर पार्टीचे माजी नेते जेरेमी कॉर्बिन यांच्यावर छोटं टिपण आलं होतं, २०१५ ते २०२० ते तिथले विरोधी पक्षनेते होते आणि दोन निवडणुका हरले एवढंच त्यात होतं. त्यावर लातूर, परभणी, संभाजीनगर, जालना, बीडकडून प्रश्न आले म्हणून या वेळचा सगळा कॉलम याच विषयाला देतोय.

प्रश्न (लातूर, स्पर्धा परीक्षेची तयारी करणारा वाचक) : सर, आमच्या अभ्यासिकेत यावरून लई वाद झाला. २०१६ मध्ये कॉर्बिनच्या विरोधात त्याच्याच पक्षाच्या १७२ खासदारांनी मत दिलं, बाजूनं फक्त ४०. तरी हा माणूस नेता कसा काय राहिला? संसदीय लोकशाहीत नेता खासदारच निवडतात ना?

उत्तर : मित्रा, सगळी मेख याच प्रश्नात आहे. आधी लेबरमध्ये तू म्हणतोस तसंच होतं, नेता खासदारच निवडायचे. १९८० मध्ये मायकल फूट नेते झाले, फूट यांना १३९ आणि डेनिस हीली यांना १२९ मतं, ती निव्वळ खासदारांनी केलेली शेवटची निवड. पुढच्या वर्षीपासून कामगार संघटना आणि साध्या मेंबर लोकांनाही वाटा मिळाला, आणि २०१४ मध्ये तर नियमच असा झाला की एक मेंबर एक मत, खासदाराचंही एकच आणि गल्लीत पत्रकं वाटणाऱ्याचंही एकच, वर तीन पौंड भरून समर्थक म्हणून नाव नोंदवलं तरी मत देता यायचं. खासदारांच्या हातात एकच गोष्ट उरली, उमेदवाराला उभं राहायला १५ टक्के खासदारांचं नॉमिनेशन लागायचं, म्हणजे तेव्हाच्या हिशोबानं ३५ जणांचं.

आता कॉर्बिन १९८३ पासून उत्तर लंडनच्या इस्लिंग्टन नॉर्थमधून सलग निवडून येत होते, पण त्या ३२ वर्षांत कधी मंत्री नाहीत, पक्षाचा व्हिप मोडून शेकडो वेळा उलटं मत दिलेलं, इराक युद्धाच्या वेळी तर आपल्याच पक्षाच्या पंतप्रधानाविरुद्ध रस्त्यावर उतरलेले. अशा माणसाला कोण नॉमिनेशन देणार? १५ जून २०१५ ला दुपारी १२ ची मुदत होती आणि शेवटच्या काही मिनिटांत त्यांचा आकडा ३६ वर गेला. त्यातल्या कित्येकांनी नाव दिलं ते डाव्या विचाराचा एक आवाज चर्चेत असू द्या म्हणून, हा निवडून यावा म्हणून नाही. आणि १२ सप्टेंबरला निकाल लागला तर पहिल्याच फेरीत ५९.५ टक्के, अडीच लाखांच्या वर मतं, अँडी बर्नहॅम आणि यवेट कूपर यांच्यासारखे माजी मंत्री लई मागं पडले.

मग २३ जून २०१६ ला ब्रेक्झिटचं सार्वमत झालं, युरोपातून बाहेर पडायच्या बाजूनं ५१.९ टक्के गेले, आणि लेबरचे खासदार म्हणायला लागले की कॉर्बिन यांनी प्रचार मन लावून केलाच नाही. त्यांनी खासदार हिलरी बेन यांना शॅडो कॅबिनेटमधून, म्हणजे विरोधी पक्षाच्या सावली मंत्रिमंडळातून काढलं तशी बाकीच्यांच्या राजीनाम्यांची रांग लागली आणि २८ जूनला तू म्हणतोस ते १७२ विरुद्ध ४० झालं. पण त्या मतदानाला पक्षाच्या घटनेत बंधनकारक किंमत नव्हती. कॉर्बिन म्हणले, मला मेंबरांनी बसवलंय, त्यांना विचारा. लेबरचेच खासदार ओवेन स्मिथ त्यांच्या विरोधात उभे राहिले, मग वाद असा निघाला की चालू नेत्याला परत खासदारांचं नॉमिनेशन लागतं की नाही, पक्षाच्या कार्यकारिणीनं लागत नाही म्हणून ठरवलं, कोर्टातही तेच टिकलं, आणि सप्टेंबरमध्ये कॉर्बिन ६१.८ टक्क्यांनी परत आले, म्हणजे पहिल्यापेक्षाही जास्त.

आपल्याकडं समजून घ्यायचं तर थेट जनतेतून निवडून आलेला सरपंच बघ. सदस्य सगळे दुसऱ्या पॅनेलचे असले आणि त्यांनी अविश्वास ठराव आणला तरी तो शेवटी ग्रामसभेपुढं जातो, ग्रामसभा राहू द्या म्हणली की सरपंच राहिला. कॉर्बिन यांची ग्रामसभा म्हणजे त्यांच्या काळात पाच लाखांच्या वर गेलेले पक्षाचे मेंबर.

मला स्वतःला मेंबरांनी नेता निवडणं हेच बरोबर वाटतं, जो माणूस थंडीपावसात दारोदार फिरून पक्षासाठी मत मागतो त्याला नेता कोण हे ठरवायचा हक्क असलाच पाहिजे. पण रोज सभागृहात लढायचं असतं ते त्या १७२ जणांना सोबत घेऊनच. नेता बोलायला उभा राहिला आणि मागच्या बाकांवर आपलेच लोक गप्प बसले तर समोरच्या सरकारला घाम कसा फुटणार? दुसऱ्यांदा निवडून आल्यावर त्यांनी आपल्या खासदारांशी जमवून घ्यायला जितका जीव लावायला पाहिजे होता तितका लावला नाही असं माझं मत आहे, आणि खासदारांनीही मेंबरांचा कौल कधी मनापासून मानला नाही.

प्रश्न (परभणी, निवृत्त शिक्षिका) : २०१७ ला कॉर्बिन हरले तरी त्यांचे लोक जिंकल्यासारखे खुश होते आणि २०१९ ला सगळं कोसळलं. दोन अडीच वर्षांत असं काय झालं?

उत्तर : बाई, २०१७ च्या एप्रिलमध्ये तेव्हाच्या पंतप्रधान थेरेसा मे यांनी मुदतीच्या आधी निवडणूक लावली तेव्हा सर्व्हेमध्ये त्या २० टक्क्यांच्या आसपास पुढं होत्या, लेबरचा पार धुव्वा उडणार असं सगळे धरून चालले होते. मग लेबरचा जाहीरनामा आला, कॉलेजची फी बंद, रेल्वे, पाणी आणि टपाल परत सरकारकडं, जास्त कमावणाऱ्यांवर जास्त कर, आणि तरुण पोरं सभांना अशी लोटली की बघत राहावं. ८ जूनला लेबरला ४० टक्के मतं आणि २६२ जागा, ३० वाढल्या, मे यांची मेजॉरिटी गेली आणि उत्तर आयर्लंडच्या १० खासदारांचा टेकू घ्यावा लागला. खुशी त्याची होती.

नंतर घात केला तो ब्रेक्झिटनं. लेबरचा मतदार दोन तोंडांनी बोलत होता, लंडनचा शिकलेला तरुण म्हणतोय युरोपात राहू, आणि उत्तरेतला जुना खाणकामगारांचा पट्टा म्हणतोय बाहेर पडू, आम्ही मत दिलंय. कॉर्बिन यांनी मधली वाट काढली, की आम्ही आलो तर तीन महिन्यांत नवा करार करू, सहा महिन्यांत परत सार्वमत घेऊ आणि मी स्वतः तटस्थ राहीन. हे ऐकून दोन्हीकडचे नाराज झाले. तिकडं तेव्हाचे पंतप्रधान बोरिस जॉन्सन तीन शब्दांत सांगत होते, ब्रेक्झिट उरकून टाकू. १२ डिसेंबर २०१९ ला लेबर २०२ वर आली, १९३५ नंतरच्या सगळ्यात कमी जागा. बोल्सोव्हरमधून १९७० पासून निवडून येणारे डेनिस स्किनर, जे स्वतः खाणीत काम केलेले, ते सुद्धा पडले.

आणि दुसरी गोष्ट झाकून चालणार नाही. पक्षात ज्यूद्वेषाच्या तक्रारी वाढत गेल्या आणि त्यावर कारवाई लई सुस्त झाली. ब्रिटनच्या समता आणि मानवी हक्क आयोगानं ऑक्टोबर २०२० मध्ये अहवाल दिला, त्यात पक्षानं कायदा मोडला असं स्पष्ट म्हणलंय. आयुष्यभर वंशद्वेषाच्या विरोधात बोललेल्या, १९८४ मध्ये दक्षिण आफ्रिकेच्या वकिलातीसमोर वर्णभेदाविरुद्ध निदर्शनं करताना अटक झालेल्या माणसाच्या पक्षात हे व्हावं याचं मला फार वाईट वाटतं. अहवालाच्या दिवशी कॉर्बिन म्हणले की या प्रश्नाचा आकार राजकारणासाठी फुगवून सांगितला गेला, आणि त्यांच्या जागी आलेले कीर स्टार्मर यांनी त्याच दिवशी त्यांना निलंबित केलं.

प्रश्न (छत्रपती संभाजीनगर, विद्यापीठातला संशोधक विद्यार्थी) : या माणसाचा आपल्याशी काय संबंध? काश्मीरवर तर भारताच्या विरोधात बोलले म्हणतात.

उत्तर : संबंध आहे, आणि तुमच्या विद्यापीठात बसून विचारताय म्हणून जास्तच आहे. मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव मिळायला १९७८ पासून १४ जानेवारी १९९४ पर्यंत लढावं लागलं, घरं जळाली, माणसं मेली, हे इथल्या कुणाला सांगायची गरज नाही. ब्रिटनमध्ये गेलेल्या आपल्या लोकांबरोबर जातही गेली, नोकरीत, लग्नात, शेजारपाजारात, आणि तिथला कायदा वंशभेद ओळखत होता पण जातीचं नाव त्यात नव्हतं. २०१० च्या समानता कायद्यात जातीचा समावेश करता येईल अशी सोय ठेवली, २०१३ मध्ये संसदेनं सरकारवर तसं बंधनच घातलं, आणि २०१८ मध्ये हुजूर (कंझर्व्हेटिव्ह) पक्षाच्या सरकारनं सांगितलं की वेगळा कायदा नको, कोर्टाचे निकाल पुरे आहेत. जातीचा हा प्रश्न लावून धरणाऱ्या थोड्या खासदारांत कॉर्बिन होते, दलित सॉलिडॅरिटी नेटवर्कशी ते कित्येक वर्षं जोडलेले होते, आणि त्यांच्या मतदारसंघात याची मतं किती असणार? तरी बोलले. मला त्यांच्याबद्दल आदर आहे तो इथं आहे. २०१३ मध्ये लंडनच्या गांधी फाउंडेशननं त्यांना शांतता पुरस्कार दिला होता हेही लक्षात ठेवा.

काश्मीरचं असं, सप्टेंबर २०१९ मध्ये लेबरच्या अधिवेशनात ठराव झाला, आंतरराष्ट्रीय निरीक्षक पाठवा आणि तिथल्या लोकांना स्वयंनिर्णय द्या असा. भारत सरकारनं निषेध केला, तिकडचे भारतीय वंशाचे मतदार भडकले, आणि निवडणूक तोंडावर आल्यावर पक्षानं पत्र काढून हा भारत पाकिस्ताननं आपसात सोडवायचा प्रश्न आहे म्हणून सांगितलं. मला तो ठराव घाईचा वाटला, पण ठराव पक्षाच्या अधिवेशनाचा होता, त्यावरून माणूस भारतद्वेष्टा ठरवणं बरोबर नाही.

प्रश्न (जालना) : ब्रिटनमध्ये विरोधी पक्षनेत्याला १० टक्क्यांची अट आहे का?

उत्तर : नाही. सरकारबाहेरच्या पक्षांत ज्याचे खासदार सगळ्यात जास्त, त्याचा नेता विरोधी पक्षनेता, १९३७ पासून त्याला सरकारी पगार आहे. आपल्याकडं २०२४ च्या निवडणुकीनंतर विधानसभेत २८८ च्या १० टक्के म्हणजे २९ आमदार एकाही विरोधी पक्षाकडं नव्हते आणि त्यावरून पद अडून बसलं, विधान परिषदेत तेवढे तुमच्या शेजारच्या संभाजीनगरचे अंबादास दानवे २०२५ च्या ऑगस्टपर्यंत त्या पदावर होते. तिथं असं अडत नाही. दर बुधवारी दुपारी १२ वाजता विरोधी पक्षनेता पंतप्रधानाला सहा प्रश्न विचारतो. कॉर्बिन यांनी सप्टेंबर २०१५ मध्ये पहिल्या वेळी काय केलं, लोकांकडूनच ईमेलनं प्रश्न मागवले, ४० हजार आले, आणि डेव्हिड कॅमेरॉन यांच्यासमोर साध्या माणसांची नावं घेऊन घरभाड्याचे, मानसिक आजाराच्या उपचाराचे प्रश्न वाचून दाखवले. सभागृह आरडाओरडा विसरून ऐकत होतं. ही पद्धत आपल्या विधानसभेत कुणीतरी आणावी असं मला मनापासून वाटतं.

प्रश्न (बीड, जुने कार्यकर्ते) : भाऊ, आमच्या जिल्ह्यानं १९६७ ला क्रांतिसिंह नाना पाटलांना लाल झेंड्यावर लोकसभेत पाठवलं, १९७७ ला गंगाधरअप्पा बुरांडेंना. नंतर काही जमलं नाही. तिकडं तरी डावा माणूस देशभर कधी जिंकतो का, आणि कॉर्बिनचं आता काय चाललंय?

उत्तर : काका, १९४५ ला क्लेमेंट ॲटली जिंकले तेव्हा लेबरनं खाणी, रेल्वे सरकारकडं घेतल्या आणि १९४८ ला सगळ्यांसाठी मोफत दवाखाने सुरू केले, तेव्हा जमलं होतं. पण १९८३ ला मायकल फूट यांचा डावा जाहीरनामा २७.६ टक्के आणि २०९ जागांवर थांबला. फूट विद्वान माणूस, संपादक, तरुणपणापासून भारताच्या स्वातंत्र्याच्या बाजूचे, पण पक्षातले चार मोठे नेते १९८१ मध्येच फुटून निघाले होते आणि विरोधी मतं दोन ठिकाणी गेली. त्याच निवडणुकीत पहिल्यांदा खासदार झालेले दोन जण म्हणजे टोनी ब्लेअर आणि जेरेमी कॉर्बिन. एकानं त्या पराभवातून पक्ष मध्याकडं सरकवला आणि सलग तीनदा जिंकला, दुसरा होता तिथंच उभा राहिला.

२०२४ मध्ये लेबरनं तिकीट दिलं नाही तर कॉर्बिन अपक्ष उभे राहिले. ७५ वर्षांचं वय, समोर देशभर लेबरची लाट, तरी २४,१२० मतं घेऊन सात हजारांच्या वर फरकानं निवडून आले. चाळीस वर्षं ज्यांच्या घरभाड्याच्या, व्हिसाच्या, शाळेच्या तक्रारी त्यांनी ऐकल्या त्या लोकांनी चिन्ह बघितलं नाही, माणूस बघितला, हे बीडला समजावून सांगायला नको. देशभर मात्र तसं होत नाही, तिथं प्रत्येकाला भेटता येत नाही. २०२५ च्या जुलैमध्ये खासदार झारा सुलताना यांच्यासोबत त्यांनी नवा पक्ष जाहीर केला, नोव्हेंबरमध्ये लिव्हरपूलच्या अधिवेशनात त्याचं 'युवर पार्टी' हे नाव पक्कं झालं, आणि तिथं मेंबरांनी मत टाकून ठरवलं की एकच नेता नको, सामूहिक नेतृत्व हवं. आतमध्ये भांडणंही सुरुवातीपासूनच आहेत. पुढची निवडणूक २०२९ च्या ऑगस्टपर्यंत कधीही लागू शकते, तोवर कॉर्बिन ८० चे होतील, पण इस्लिंग्टनमधून ते परत अर्ज भरतील असाच माझा अंदाज आहे.