वाचक विचारतात : मूकपटाचा लेखक निर्माता कसा व्हायचा?

प्रश्न : मूकपटात संवादच नव्हते. मग हॉलिवूडच्या स्टुडिओंना पगारी लेखक कशाला लागायचे? (एक वाचक, महाल)

उत्तर : बोलून सांगायची सोय नव्हती, म्हणून कागदावरचं काम उलट वाढलं. सुरुवातीचा चित्रपट एका रिळाचा, म्हणजे 1000 फुटांचा असे. 35 मिमी फिल्मच्या एका फुटात 16 चौकटी (फ्रेम) बसतात. सेकंदाला 16 चौकटी चालवल्या तर रीळ सोळा-सतरा मिनिटं पुरतं. प्रोजेक्टरच्या ऑपरेटरने हँडल भराभर फिरवलं की बारा मिनिटांतच आटोपतं. एवढ्या चित्रपटाला पानभर गोषवारा पुरे व्हायचा. पाच-सहा रिळांचे चित्रपट आले तेव्हा मात्र सगळं दिग्दर्शकाच्या डोक्यात मावेना.

थॉमस इन्स या निर्मात्याने 1912 नंतर कॅलिफोर्नियातल्या आपल्या स्टुडिओत 'कंटिन्युइटी' लिहून घेण्याची शिस्त बसवली. दृश्याचा क्रमांक, आत की बाहेर, कुठला सेट, पात्रं कोण, कॅमेरा किती जवळ, टायटलचा, म्हणजे दृश्यांच्या मध्ये पडद्यावर येणाऱ्या लिखित वाक्यांचा मजकूर, हे सगळं त्यात असे. सोबत सेटवार यादी आणि खर्चाचा तक्ता. समजा, दृश्य 3, 11 आणि 27 एकाच स्वयंपाकघरात घडतात. तिन्ही सलग घेतली की सेट मोडून त्याच जागी पुढचा उभारता येतो. पण 11 मध्ये नायिकेच्या हाताला पट्टी असेल आणि ते कागदावर नसेल, तर चूक कळते फिल्म धुऊन आल्यावर. तोवर स्वयंपाकघर मोडलेलं असतं आणि ते पुन्हा उभारायचा खर्च बोकांडी बसतो.

असा कागद लिहिणाऱ्याला कोणतं दृश्य किती पैसे खातं ते आपसूक कळू लागतं. लेखकाच्या हाती निर्मितीची सूत्रं आली ती या हिशेबामुळे, असं आमचं ठाम मत आहे.

प्रश्न : असे लेखक-निर्माते कोण? त्यांचा शब्द खरंच चालायचा का? (एक विद्यार्थिनी, धरमपेठ)

उत्तर : जून मॅथिस हे नाव आधी घ्यायला हवं. मेट्रो कंपनीत ती पटकथा विभागाची प्रमुख होती. 'द फोर हॉर्समेन ऑफ द अपोकॅलिप्स' (1921) तिने लिहिला; रेक्स इंग्रॅमला दिग्दर्शन आणि तेव्हा फारसं नाव नसलेल्या रुडॉल्फ व्हॅलेंटिनोला मोठी भूमिका मिळावी म्हणून तीच अडून बसली. चित्रपट तुफान चालला आणि तिचं वजन वाढलं.

पुढे 'बेन-हर' या चित्रपटाची जबाबदारी तिच्याकडे आली. चित्रीकरण इटलीत, स्टुडिओ हजारो मैल दूर, खर्च वाढत चाललेला. 1924 मध्ये कंपन्यांचं विलीनीकरण होऊन एमजीएम (मेट्रो-गोल्डविन-मेयर) ही कंपनी झाली. नव्या मालकांनी दिग्दर्शक आणि नायक बदलले, मॅथिसलाही बाजूला केलं. कागदावर अधिकार असून भागत नाही. मालक बदलला की करारातलं प्रत्येक कलम नव्याने मोजलं जातं. 1927 मध्ये न्यूयॉर्कला तिचं अकाली निधन झालं. तिच्याइतका अधिकार त्या काळात मोजक्याच लेखकांना मिळाला, आणि आज तिचं नाव इतकं मागे पडावं याचं वाईट वाटतं.

डॅरिल झॅनक दुसरा. वॉर्नर ब्रदर्स स्टुडिओमध्ये रिन टिन टिन या कुत्र्याच्या चित्रपटांच्या पटकथा लिहिता लिहिता तो तिथेच निर्मितीप्रमुख झाला. 1933 मध्ये बाहेर पडून त्याने भागीदारीत ट्वेन्टिएथ सेंच्युरी ही कंपनी काढली. 1935 मध्ये ती फॉक्समध्ये विलीन झाली.

प्रश्न : आमच्या कॉलेजच्या ग्रुपला मूकपटाच्या धाटणीची 8 मिनिटांची शॉर्ट फिल्म करायची आहे. काय सांभाळायचं? (एक वाचक, नंदनवन)

उत्तर : आधी वेग ठरवा. कॅमेरा सेकंदाला 18 फ्रेमवर ठेवून 24 ने दाखवलं तर हालचाल जुन्या रिळासारखी चपळ दिसते, पण 8 मिनिटांचं चित्रण 6 मिनिटांतच संपतं. म्हणून जवळपास पावणेअकरा मिनिटांचं लिहा. घरात ट्यूबलाइट असेल तर शटर 1/50 किंवा 1/100 ठेवा, नाहीतर चित्र फडफडतं. फुटाळा तलावावर शूट करायचं तर सकाळी लवकर गाठा. उन्हाळ्यात ऊन चढलं की डोळ्यांखाली काळ्या सावल्या पडतात आणि चेहराच हरवतो. मूकपटात चेहरा गेला म्हणजे सगळं गेलं.

टायटल दहाच्या वर नेऊ नका, एकात दहा-बारा शब्द पुरेत. सावकाश दोनदा वाचायला लागेल तेवढा वेळ ते पडद्यावर हवं. पात्राने तोंड उघडलं की टायटल, आणि परत येताना वाक्य संपत असलेलं तोंड. टायटल आधी टाकलं तर पुढची गंमत फुटते. संपूर्ण फिल्म टायटलशिवाय मित्रांना दाखवा. जिथे ते अडतील तिथेच टायटल घाला.

प्रश्न : तेव्हा कथेला किती पैसे मिळायचे? चोरी झाली तर? (एक वाचक, सक्करदरा)

उत्तर : अनिता लूस या लेखिकेला 'द न्यूयॉर्क हॅट' (1912) या चित्रपटाच्या कथेसाठी 25 डॉलर मिळाले. चोरीचं म्हणाल तर कॅलेम कंपनीने 1907 मध्ये 'बेन-हर' कादंबरीवर परवानगी न घेता एका रिळाचा चित्रपट काढला. प्रकरण अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं आणि 1911 मध्ये कॅलेम हरली. तेव्हापासून कादंबरीचे हक्क आधी विकत घेणं भाग पडलं. तुमची स्वतःची पटकथा असेल तर कुणाला वाचायला देण्याआधी मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनचं सभासदत्व घेऊन ती ऑनलाइन नोंदवा. मसुदा बराच बदलला तर नवा मसुदा वेगळा नोंदवा, आणि पाठवलेल्या प्रत्येक ईमेलची प्रत जपून ठेवा.