वरी, वारी आणि बाबाचे फुटलेले वडे

चिमणे,

काल आषाढीला मी साबुदाण्याचे वडे तळत होतो तेव्हा तू विचारलंस, "बाबा, आज तुझा उपवास आहे ना, मग रोजच्यापेक्षा जास्त का खातोयस?" मी कढईपाशी होतो म्हणून "नंतर सांगतो" म्हणालो आणि तेवढ्यात पाचवा वडा खाल्ला. तर ते नंतर म्हणजे हे पत्र, मोठ्याने वाच, अडलं तर आईला विचार.

तुझं बरोबरच आहे. आपल्याकडे म्हणच आहे, एकादशी दुप्पट खाशी, म्हणजे ही चोरी तुझ्या आधी कुणीतरी पकडलेली आहे. पण आपल्या घरच्या उपवासात उपाशी राहायचं नसतं गं, रोजचं धान्य बाजूला ठेवायचं असतं. गहू, तांदूळ, ज्वारी, डाळी, कांदा-लसूण सगळं बंद. बाकी जे "चालतं" ते चालतं, आणि काय चालतं ते प्रत्येक घरात वेगळं, आपल्याकडे जिरं-कोथिंबीर चालते, शेजारच्या काकूंकडे कोथिंबीरसुद्धा नाही.

मग तू लगेच म्हणशील की वड्यातले वरीचे तांदूळ पण तांदूळच ना. नाही. नावातच तांदूळ आहे फक्त, ते वेगळंच बारीक भरड धान्य आहे, आई त्याला भगर म्हणते कारण ती परभणीची. नाशिककडच्या डोंगरउतारावर नागलीबरोबर ते पिकतं. आजी सांगायची की वरी म्हणजे मूळचं रानातलं, नांगरून पेरलेलं नव्हे, म्हणून देवाला चालतं. आता ती शेतातच पेरतात पण सवलत काही कुणी काढून घेतली नाही. आणि हो, वरीचा वारीशी संबंध नाही. आळंदी-देहूहून पालख्या पंढरपूरला जातात ती वारी, कानामात्रा नीट वाचत जा.

आता खरी गंमत. बटाटा, शेंगदाणे, मिरची आणि साबुदाणा ज्या कसावाच्या कंदापासून करतात तो कंद, हे सगळं मूळ अमेरिका खंडातलं. 1492 ला कोलंबस तिकडे पोचायच्या आधी भारतात यातलं काहीच नव्हतं, बटाटा हा शब्दसुद्धा पोर्तुगीजांचा. ज्ञानेश्वर माऊलींनी 1296 मध्ये समाधी घेतली, म्हणजे त्यांनी साबुदाणा वडा कधी चाखलाच नसणार! वड्यातली जुनी मंडळी म्हणजे वरी, जिरं, मीठ आणि साखर, बाकी सगळे पाहुणे. म्हणून मी वरी घालतोच, आई कितीही म्हणाली की साबुदाण्याला गरज नाही. वडा कुरकुरीत होतो हे खरं कारण, माऊली हे सांगायचं कारण.

तुला करायचेत म्हणालीस तर ऐक. एक वाटी साबुदाणा धुवायचा, वर जेमतेम पाणी राहील एवढंच ठेवून पाच-सहा तास भिजवायचा, दाणा बोटात सहज चिरडला पाहिजे, मधे कडक लागला तर अजून थांब. इथल्या सुपरमार्केटमधले पारदर्शक टॅपिओका मोती आणू नकोस, मी एकदा आणले, सगळी खळ झाली, वॉलपेपर चिकटवता आला असता. बटाटे तीन, पिशवीवर जर्मनमध्ये मेलिशकोखेंड लिहिलेले, म्हणजे पिठूळ, तू शाळेत कार्टोफेलपुफर, म्हणजे बटाट्याची धिरडी, खातेस त्याचे कच्चे किसतात पण आपले उकडून. पाऊण वाटी दाण्याचं कूट, तीन चमचे वरीचं मिक्सरमधलं पीठ, मिरची, जिरं, मीठ, किंचित साखर. पाणी अजिबात नाही.

पाणी का नाही, ते माझ्या मनगटावरच्या डागाला विचार. विद्यार्थी असताना घाईने दोन तास भिजवलेल्या साबुदाण्याचे वडे तळले आणि वरून थोडं पाणी मळलेलं होतं, तळताना आत वाफ कोंडली आणि वडा फटाक्यासारखा फुटला, तेल थेट हातावर. तेव्हापासून मी चपटे थापतो, तेल मध्यम आचेवर, एका वेळी तीनच, आणि पहिला वडा टाकला की दोन पावलं मागे. तू तर कढईपासून दोन हात लांबच, थापायचं काम तुझं आणि तळायचं माझं.

तुझ्या वर्गातल्या त्या मैत्रिणीने सफरचंदाच्या मुरंब्यासारख्या गोड सॉसबरोबर खाल्ला आणि दोन उचलले, मला आधी कससंच झालं, पण मग मी पण बुडवून बघितला. वाईट नाही. आजीला फोनवर सांगू नकोस.

तुझा,
बाबा

ता.क. कूट करायला शेंगदाणे भाजून ठेवलेत, खारे समजून संपवू नकोस.