कॅमेऱ्यामागून : अर्धा कापलेला इग्लू

प्रश्न : फिल्म क्लबात बर्फाळ उत्तरेतल्या एका शिकाऱ्यावरचा १९२२चा ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ पाहिला आणि भारावून गेलो. नंतर वाचलं की त्यातला इग्लू खास शूटिंगसाठी बांधलेला, आणि ‘नानूक’ हे त्या माणसाचं नावही नव्हतं. मग याला माहितीपट का म्हणायचं?
– एक वाचक, सातारा

उत्तर : रागवा, पण इग्लूवर नको. कॅनडात हडसन उपसागराच्या काठी, इनुकजुआकला, १९२०-२१मध्ये दिग्दर्शक रॉबर्ट फ्लॅहर्टी शूट करत होता. नेहमीच्या इग्लूत कॅमेऱ्याला पुरेशी जागा नाही, उजेडही नाही. म्हणून मोठा इग्लू बांधवून घेतला आणि त्याची एक बाजू काढूनच टाकली. ती बिचारी मंडळी उघड्या थंडीत झोपल्याचं सोंग करताहेत. ही कॅमेरामनची अडचण. मी माफ करून टाकतो.

मला खटकतो तो ग्रामोफोन. व्यापाऱ्याच्या ठाण्यावर नानूक तबकडी चावून बघतो आणि थिएटर हसतं. आल्लाकारिआल्लाक हे त्याचं खरं नाव. त्याच्या लोकांकडे बंदुका आलेल्या होत्या, तरी वॉलरसची शिकार हार्पूननेच, म्हणजे दोरी बांधलेल्या भाल्यानेच, करवली. आणि चित्रपटाला पैसा कोणाचा? रेव्हियाँ फ्रेर या फरच्या व्यापारी कंपनीचा. म्हणजे व्यापारी तेवढा शहाणा, शिकारी भाबडा!

मी तरी कुठला सोवळा? मेळघाटात एका आजींना जातं फिरवायला लावलं होतं, पितळेचा तांब्या शेजारी ठेवून. गावात पिठाची गिरणी सुरू होती. आजींनी निमूट दोन ओंजळी दळल्या आणि विचारलं, “तुमच्याकडं गिरणी नाही का, बाबा?” तो प्रश्न फिल्ममध्ये ठेवायला हवा होता. मी कापला.

फ्लॅहर्टीची एक गोष्ट मात्र उचलण्यासारखी आहे. फिल्म धुण्याचं सामान आणि प्रोजेक्टर तो बरोबर घेऊन गेला होता. बर्फाला भोक पाडून पाणी काढायचं, तिथेच फिल्म धुवायची आणि ज्यांची काढली त्यांनाच दाखवायची. पडद्यावर वॉलरस दिसल्यावर लोक ‘धरा, धरा’ म्हणून ओरडले, असं त्यानेच लिहून ठेवलंय. आज आपल्याकडे लॅपटॉप असतो, तरी आपण चित्रण गुंडाळून पुण्याला पळतो.

प्रश्न : जानेवारीत स्पितीला शूटिंगला निघालोय. कॅमेऱ्याची काय काळजी घेऊ?
– एक वाचक, नाशिक

उत्तर : बॅटऱ्या आतल्या खिशात, अंगाच्या उबेला. बाहेर ठेवल्या तर बघता बघता मान टाकतात. खरा घात होतो तो बाहेरून आल्यावर. कॅमेरा थेट शेगडीशेजारी नेलात की लेन्सवर दव धरलंच. बाहेरच तो प्लास्टिकच्या पिशवीत घालून तोंड घट्ट बांधा, मग घरात आणा, आणि तासभर तरी उघडू नका. फ्लॅहर्टीची फिल्म थंडीने काचेसारखी तडकायची. मेमरी कार्डाला ती भीती नाही. पण रोज रात्री दोन प्रती काढा. १९१६ साली टोरांटोत फ्लॅहर्टीच्याच सिगारेटीने त्याची तीस हजार फूट निगेटिव्ह जळाली होती.