दोन दारांमधला विधी

प्रश्न : सर, मी एक विज्ञानकादंबरी लिहितो आहे. अंतराळयानातच पाच पिढ्या जन्मलेल्या आणि वाढलेल्या लोकांची ती गोष्ट आहे. मूल वयात येण्याचा त्यांचा मोठा सोहळा मी रंगवलाय : ज्योत पेटवणं, गुडघे टेकून शपथ, पांढरे झगे, विस्मृतीत गेलेल्या भाषेतले मंत्र. मित्रांना वाचून दाखवलं, तर म्हणाले, नाटकाचा सेट वाटतो. काय चुकतंय? आणि जिथे सूर्य उगवतच नाही, तिथे सणाचा दिवस ठरवायचा कसा?

उत्तर : मित्रांचं म्हणणं मला पटतं. तुमचे विधी यानात जन्मलेले नाहीत, पृथ्वीवरून उचलून तिथे नेऊन ठेवलेत.

ज्योतीचंच बघा. वजनरहित अवस्थेत गरम हवा वर जात नाही, कारण वर-खाली असं काही उरतच नाही. म्हणून ज्योत लांबट, पिवळी न राहता मंद निळसर गोळ्यासारखी दिसते. हे चित्र सुंदर आहे, मान्य. पण बंद यानात राहणाऱ्यांना आगीइतकी धास्ती क्वचितच दुसऱ्या कशाची असेल. २३ फेब्रुवारी १९९७ रोजी रशियाच्या मीर स्थानकावर ऑक्सिजन पुरवणाऱ्या नळकांड्यानं पेट घेतला. आत सहा माणसं होती, स्थानक धुरानं भरलं, आणि परतीच्या दोन सोयूझ यानांपैकी एकाकडे जाण्याची वाट त्या आगीनंच अडवली. अशा भीतीत पाच पिढ्या काढलेल्यांना ज्योत मंगल वाटेल का? मला तर वाटतं, तिथे आईबाप मुलांना तिचं नावही काढू देणार नाहीत. आणि गुडघे टेकायचे तर पाय कशात तरी अडकवावे लागतील. यान फिरतं ठेवून कृत्रिम वजन आणलं असेल तर वेगळं, पण मग ते फिरणं कथेत जाणवलं पाहिजे.

खरे विधी कसे रुजतात पाहा. चंद्राकडे पाठवलेल्या नासाच्या रेंजर मालिकेतली पहिली सहा यानं अपयशी ठरली. १९६४ मध्ये रेंजर ७ च्या वेळी नियंत्रण कक्षात कुणीतरी शेंगदाणे वाटले, मोहीम फत्ते झाली, आणि तेव्हापासून मोठ्या मोहिमेच्या वेळी नासाच्या कॅलिफोर्नियातल्या जेट प्रोपल्शन लॅबोरेटरीत शेंगदाण्यांची बरणी फिरते. सोयूझमध्ये दोरीला एक खेळणं टांगलेलं असतं. ते तरंगू लागलं, की वजनरहित अवस्था आली हे कळतं. हे सांगायला उपकरणं आहेतच, तरी खेळणं निवडण्याचा मान आजही दलप्रमुखाचा, आणि बऱ्याचदा तो आपल्या मुलांना विचारून ते ठरवतो. काळजी आणि उपयोग यांतून आधी सवय लागते, मग उपयोग संपला तरी सवय सुटत नाही. झगे आणि मंत्र यांच्यामागे तुमच्या लोकांची अशी कुठली काळजी आहे? मला ती दिसली नाही.

माझं ऐकाल तर हा सोहळा एअरलॉकमध्ये, म्हणजे यानातून बाहेर पडण्याच्या दोन दारांच्या खोलीत न्या. फ्रेंच अभ्यासक आर्नल्ड व्हान जेनेप यांनी १९०९ मध्ये दाखवून दिलं, की अवस्थांतराच्या विधींना तीन टप्पे असतात : आधी माणूस जुन्या स्थानापासून तुटतो, मग काही काळ ना इकडचा ना तिकडचा राहतो, आणि शेवटी नव्या नात्यानं समाजात परततो. आतलं दार, मधली खोली, बाहेरचं दार. यानात ही रचना लोखंडात घडवलेलीच आहे! मला ही जागा फार मोलाची वाटते, म्हणून थोडं सविस्तर लिहितो.

आजही आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानकाबाहेर काम करायला जाण्याआधी अंतराळवीर बराच वेळ शुद्ध ऑक्सिजन घेतात. अमेरिकी सूटमधला दाब नेहमीच्या हवेच्या एक तृतीयांशाहूनही कमी असतो. एकदम तिथे गेलं, तर रक्तातल्या नायट्रोजनचे बुडबुडे होतात आणि जिवावर बेततं. आता पाच पिढ्यांनंतरची मुलगी डोळ्यांसमोर आणा. आतलं दार तिची आई लावते, तेही स्वतःच्या हातानं, बटण न वापरता. मुलगी तोंडावर मास्क लावून मधल्या खोलीत थांबते. बोलायचं नाही. समोर नात्यात नसलेली एक बाई. ती मुलीच्या सूटच्या मनगटाजवळच्या कड्यावरून अंगठा सावकाश फिरवते, कुठे फट नाही ना हे चाचपते, आणि म्हणते, ‘बंद.’ मग मुलगी तिचं कडं चाचपते, पण तिला बोलायची परवानगी नाही, म्हणून नुसतं दोनदा दाबते. इथून पुढे या दोघींचा जीव एकमेकींच्या हाती. बाहेरचं दार ती बाईच उघडते.

नवे सूट असे असू द्या, की आधी ऑक्सिजन घ्यायची गरजच उरलेली नाही. तरी मास्क लावून थांबणं चालूच. का, ते कुणालाच नीट सांगता येत नाही. आजी एक सांगते, इंजिनच्या खोलीतला म्हातारा दुसरंच. तुम्हीही वाचकाला कारण सांगू नका. मंत्र तर खुशाल काढून टाका. ‘बंद’ पुरेसं आहे.

सणाच्या दिवसाचा प्रश्न खऱ्या माणसांनाही पडलाय. स्थानक साधारण ९० मिनिटांत पृथ्वीला फेरी मारतं, म्हणजे दिवसात १६ सूर्योदय. २००३ मध्ये कोलंबिया यानातून गेलेले इस्रायलचे इलान रामोन यांनी शब्बाथ, म्हणजे ज्यूंचा साप्ताहिक विश्रांतीचा पवित्र दिवस, प्रक्षेपणस्थळाच्या, म्हणजे केप कॅनाव्हरलच्या घड्याळाप्रमाणे पाळावा, असा सल्ला धर्मगुरूंनी दिला. २००७ मध्ये मलेशियाचे शेख मुस्झफर शुकोर गेले, तेव्हा तिथल्या धर्मपंडितांनी मार्गदर्शिकाच काढली : नमाजाच्या वेळा प्रक्षेपणस्थळाच्या धराव्यात, दिशा जमेल तशी, काबा नाही साधला तर पृथ्वीकडे, तेही नाही जमलं तर कुठेही. मला या उत्तरांमधली माया भावते. नियम मोडलेला नाही आणि माणसालाही अडवलेलं नाही.

तुमच्या यानातले वडीलधारे निघाल्या जागेचं घड्याळ जपत असतील, जी जागा त्यांच्यापैकी कुणीही पाहिलेली नाही. तरुणांना मात्र हवा शुद्ध करणाऱ्या गाळण्या बदलल्या जातात तो दिवस सणाचा वाटत असेल, कारण त्या दिवशी सगळ्यांनाच श्वास मोकळा झालेला कळतो. मुलीचा विधी कुठल्या घड्याळानं लावायचा यावरून घरात भांडण होऊ द्या, आणि ते प्रकरण सोहळ्याच्या आधी लिहा.