बीटी लावूनही गुलाबी बोंडअळी का? सगळ्यांना एकत्र उत्तर

बरेच शेतकरी दादा-ताई विचारतायत की बीटी कपाशी लावली तरी बोंडात अळी निघते, मग बियाणं बोगस आहे का. तर प्रत्येक वेळी बियाणं बोगस असतं असं नाही.

बीटीमध्ये मातीतल्या एका जिवाणूचा जीन असतो, त्यामुळे झाड स्वतःच एक प्रथिन तयार करतं आणि ते खाल्लं की अळीचं आतडं फाटून ती मरते. आपल्या देशात याला 2002 मध्ये परवानगी मिळाली, 2006 ला दोन जीनवालं बीजी-2 आलं. पण गुलाबी अळीने आता दोन्ही प्रथिनं पचवलीत. हजारो अळ्यांत एखादी आधीच दणकट असते, बाकीच्या मेल्या की उरलेल्या दणकट एकमेकींशीच जुळतात आणि पुढची सगळी पिढी तशीच निघते. म्हणून तर बीटीच्या कडेने थोडी नॉनबीटी, म्हणजे हा जीन नसलेली कपाशी लावायला सांगत होतो, त्यावरचे साधे पतंग दणकट पतंगांशी जुळले की त्यांची पिल्लं बीटीवर मरतात. बीटीच्या पाकिटासोबत मिळणारी ती नॉनबीटी बियाण्याची वेगळी पुडी बहुतेकांनी बांधावर टाकून दिली हो, आणि त्याचा फटका ज्याने नीट लावली त्यालाही बसला, कारण पतंग काही सातबारा बघून उडत नाही. अमेरिकेत अॅरिझोनाच्या शेतकऱ्यांनी नॉनबीटीचा नियम पाळला, नंतर वांझ पतंग सोडले, आणि 2018 मध्ये तिथे गुलाबी अळी संपल्याचं सरकारने जाहीर केलं. जीन तोच होता!

घरची सरकी पेरू का, तर नको. आपलं बीटी हायब्रीड आहे, पुढच्या पिढीत काही झाडांत जीन येतच नाही आणि झाडंही एकसारखी राहत नाहीत. चोरबीटीला, म्हणजे चोरून विकल्या जाणाऱ्या बीटी बियाण्याला परवानगी नाही, बिल मिळत नाही, उगवण फसली तर तक्रार कुठे करणार?

आता काय करायचं ते सांगतो. एकरी दोन कामगंध सापळे (मादीच्या वासाने नर पतंग पकडणारे) लावा, सलग तीन दिवस एका सापळ्यात रोज आठ किंवा जास्त पतंग आले तरच फवारणीचं बघा, डोमकळ्या (अळी आत असल्याने न उमललेली, गुलाबाच्या कळीसारखी दिसणारी फुलं) दिसल्या की तोडून अळीसकट नष्ट करा. आणि फरदड, म्हणजे हंगाम संपल्यावरही पाणी देऊन तीच कपाशी पुढे चालवणं, घेऊच नका, डिसेंबरअखेर पऱ्हाटी उपटून रान मोकळं करा, आणि शेजारच्यालाही त्याच आठवड्यात करायला लावा, एकट्याच्या रानात करून अळी थांबत नाही.