सुरुवात पानिपतापासून नको, असीरगडापासून कर

भाऊ, इतिहास वाचायचाच आहे तर पानिपत आणि वॉटर्लू जरा बाजूला ठेव. ते सगळेच वाचतात. आपल्या खान्देशात बसून आधी असीरगड घे. खान्देशावर राज्य करणाऱ्या फारुकी सुलतानांचा हा किल्ला बुऱ्हाणपूरजवळ, सातपुड्याच्या वाटेवर. उत्तरेतून दख्खनेत उतरणाऱ्याला तो टाळून चालत नसे.

१६०० मध्ये अकबर स्वतः बुऱ्हाणपुरात येऊन बसला. वेढा महिनोन्‌महिने चालला, आणि जानेवारी १६०१ मध्ये गड पडला. मैदानात मोठी लढाई झालीच नाही! मग पडला कसा? इथेच खरी गंमत आहे. अकबराच्या दरबारातला इतिहासकार अबुल फजल गडावरच्या रोगराईवर भर देतो, तर जेझुइट पाद्र्यांच्या वृत्तान्तात लाचलुचपत आणि दगाबाजी आहे. दोन्ही शेजारी ठेवून वाच आणि कोण कुणाच्या पगारावर होता ते आधी बघ. माझा कल? दरबारी इतिहासकार बादशहाच्या लाचेबद्दल लिहिणार नाही, एवढं मी धरून चालतो. पाद्रीही काही धुतल्या तांदळाचे नव्हते म्हणा.

सनावळ्या पाठ करत बसू नकोस, त्या आपोआप बसतात. नकाशा मात्र समोर हवाच, तापीचं खोरं आणि घाटवाटा दिसतील असा.

एखाद्या रविवारी शिरपूर तालुक्यातल्या थाळनेरला जाऊन ये. तापीकाठी फारुकींच्या कबरी आहेत. पाणी सोबत ने, उन्हाळ्यात तर सकाळीच निघ.